स्पीकरच्या तारांचे स्तोम

महोदय,

उच्च दर्जाच्या ध्वनियंत्रणांच्या शौकिनांमध्ये स्पीकरच्या तारेवर हजारो रुपये उधळण्याची जी चढाओढ चालते, ती मला पटत नाही. २.५ चौरस मिलिमीटरच्या साध्या तांब्याच्या पाच मीटर तारेचा जाऊन-येऊन रोध जेमतेम ०.०७ ओहम भरतो. ८ ओहमच्या स्पीकरपुढे तो एक टक्क्याहूनही कमी आहे. खरी कारागिरी पाहायची तर बीबीसीने १९७०च्या दशकात प्रक्षेपणाच्या गाड्यांसाठी तयार केलेला एलएस३/५ए हा चिमुकला स्पीकर पाहावा: पातळ प्लायवूडच्या भिंतींना आतून कंपने शोषणारा थर, उंच स्वर काढणाऱ्या छोट्या घटकाभोवती (ट्विटरभोवती) जाड फेल्टची चौकट आणि उंच आणि खालचे स्वर दोन स्पीकर-घटकांत वाटून त्यांचा मेळ घालणारा गुंतागुंतीचा विद्युत-जोड (क्रॉसओव्हर). (खोल खर्ज त्यात नाही, हे त्याचे चाहतेही नाकारत नाहीत.)

माझ्या बैठकीच्या खोलीत डग्गा इतका घुमत असे की गायकाचे शब्द बुडून जात. स्पीकर भिंतीपासून दोन फूट पुढे ओढले, तेव्हा तो घुमारा बराच ओसरला, आणि त्यासाठी एक पैसाही लागला नाही. विक्रेत्यांनी कोणती तार जोडली आहे हे न सांगता ऐकवण्याची सोय ठेवावी. त्यानंतर ग्राहकाने हवे तर खुशाल पैसे मोजावेत.

– एक वाचक, ठाणे