मापिमीचे वाळवंट आणि हंडीतील घंटा

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत मेक्सिकोतील मापिमी वाळवंटातल्या तथाकथित ‘शांतता क्षेत्रा’वर आलेला लेख काल दोनदा वाचला. काळ आणि आवाज दोन्ही जिथे थबकतात, अशी जागा पृथ्वीच्या पाठीवर असल्याचे आपण छापले आहे, आणि तेही विज्ञानाच्या पानावर. हाच मजकूर पलीकडच्या राशिभविष्याच्या स्तंभाखाली आला असता, तर मी पत्र लिहिण्याच्या फंदात पडलो नसतो.

लेखकाने तीन निरनिराळ्या गोष्टींची एकाच परिच्छेदात मोट बांधली आहे. तिथे रेडिओ लागत नाही, म्हणून आवाज पोहोचत नाही. आवाज पोहोचत नाही, म्हणून घड्याळे बंद पडतात. घड्याळे बंद पडली, म्हणजे काळच थांबला! वास्तविक रेडिओ लहरींना माध्यम लागत नाही आणि त्या सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर जातात. ध्वनीला हवेसारखे माध्यम लागते आणि त्याची हवेतली मजल सेकंदाला साधारण ३४० मीटरची. एकीचे बिघडले म्हणून दुसऱ्याने मौन पाळावे, असा या दोघांत कोणताही करार नाही. लेखात एक पर्यटक त्या जागी ‘बराच वेळ’ निःशब्द उभा राहिला, असेही वाक्य आहे. काळ थांबल्यावर हा बराच वेळ कुठून आला, एवढे तरी छापण्यापूर्वी कोणी विचारायला हवे होते.

या वाळवंटाची ख्याती झाली ती ११ जुलै १९७० नंतर. अमेरिकेतील युटा राज्यातून सोडलेला ‘अथीना’ अग्निबाण न्यू मेक्सिकोतील व्हाइट सँड्सला उतरायचा, तो भरकटून सीमेपार मापिमीत कोसळला. त्यात किरणोत्सारी कोबाल्ट-५७ होते, त्यामुळे अमेरिकी पथक आले, अवशेषांबरोबर तिथली मातीही उचलून नेली, आणि मागे राहिल्या त्या अफवा. आपल्या लेखकाने अग्निबाण ठेवला आणि कोबाल्ट गाळले. आज तो भाग संरक्षित जीवावरण क्षेत्र आहे आणि तिथे दुर्मीळ कासवांचा अभ्यास चालतो. कासवे संथ असली तरी संशोधकांच्या नोंदवह्यांत तारखा पुढे सरकतच असतात.

आवाज थांबला म्हणजे काळ थांबत नाही, हे दाखवायला मेक्सिकोला जावे लागत नाही. मी विज्ञान शिकवत असे तेव्हा काचेच्या हंडीत विजेची घंटा टांगून निर्वात पंप सुरू करीत असू. हंडीच्या काठाला ग्रीस नीट बसले नसेल तर हवा आत शिरे आणि प्रयोग फसे, म्हणून ते काम मी मुलांवर सोडत नसे. पंप चालू झाला की घंटेचा आवाज क्षीण होत जाई, शेवटी तारांमधून येणारी बारीक कुरकुर तेवढी उरे. पण टोला घंटेवर आपटताना मात्र सगळ्यांना दिसे. आवाज नाही, टोला चालू आहे. मागच्या बाकावरच्या मुलालाही त्यातून समजायचे ते समजत असे.

तो पंप संस्थेने भंगारात काढला आणि त्या खोलीत ‘डिजिटल वर्ग’ सुरू केला. निवृत्तीनंतर एकदा सहज तिथे गेलो असता हाच प्रयोग पडद्यावर चालला होता. स्पीकर बिघडलेला असल्यामुळे घंटा पहिल्या क्षणापासूनच मुकी होती, हंडीत हवा असतानाही आणि नसतानाही. मुलांनी तरीही वहीत ‘हवा काढल्यावर आवाज ऐकू येईनासा झाला’ असे निरीक्षण सुवाच्य अक्षरात उतरवून घेतले, आणि त्याखाली बाईंची सही झाली. न ऐकलेला आवाज थांबल्याची नोंद करणारी ही मुले उद्या आपले वाचक होणार आहेत. त्यांना मापिमीत काळ थांबतो म्हटले, तर तेही ती उतरवून घेतील. चित्रफितीला माझा विरोध नाही, पंप विकण्याला आहे.

काळाच्या गतीत खरोखर फरक पडतो, याचे उदाहरण लेखकाच्या खिशातच होते. जीपीएस उपग्रहांवरील घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि ती तफावत हिशेबात धरली नाही तर मोबाइलमधला नकाशा भलतीकडे नेईल. यावर लेख लिहिता आला असता.

जाता जाता आणखी एक. चंद्रोदय रोज सरासरी ५० मिनिटांनी पुढे सरकतो, परंतु गेल्या संकष्टीला आपल्या पंचांगाच्या चौकटीत आदल्या दिवशीचीच वेळ पुन्हा छापून आली होती. आमच्या सौभाग्यवती ताट वाढून, छापील वेळेला गच्चीवर गेल्या आणि जवळजवळ तासभर पूर्वेकडे पाहत उभ्या राहिल्या. दुसऱ्या दिवशीच्या अंकात चुकीची दुरुस्ती शोधली, ती दिसली नाही. निदान पुढच्या संकष्टीची वेळ कोणाकडून तरी तपासून घ्यावी, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त विज्ञान शिक्षक, सातारा
(शाळेत अजून जाणे-येणे असल्याने नाव छापू नये.)