आत्या, वह्या जाळू नकोस

पॅरिस, रविवार

ती. सौ. आत्यास,
शि. सा. नमस्कार.

परवा फोनवर म्हणालीस, "पेपर तपासता तपासता कविता आटली, वह्या एकदाच्या जाळून टाकते." तेव्हा घरात सगळे होते म्हणून बोलले नाही. आता सविस्तर लिहिते.

गेल्या आठवड्यात व्हाल्व्हँला जाऊन आले. फोंतेनब्लोच्या जंगलापलीकडे, सेन नदीच्या अगदी काठावर फ्रेंच कवी स्तेफान मालार्मेचं घर आहे, आता त्याचं संग्रहालय केलंय. प्रतीकवाद, म्हणजे थेट न सांगता प्रतिमांतून सुचवणारी त्याची कविता, तू किती वर्षं शिकवतेस, नाव तुला नवं नाही. पण हा माणूस पोटासाठी शाळेत इंग्रजी शिकवायचा, हे कधी मुलांना सांगितलंस का? 1863 मध्ये, एकविसाव्या वर्षी तुर्नों या गावी मास्तरकी धरली. मग बझांसों, आव्हिन्यों, आणि 1871 पासून पॅरिस. तीसेक वर्षं तेच. पोरं वर्गात टर उडवायची, तपासनिसांचे शेरे वाईट, पगार पुरायचा नाही. वरकमाईसाठी त्याने इंग्रजी शब्दांवर पाठ्यपुस्तक लिहिलं. 1874 मध्ये तर फॅशनचं मासिक चालवलं, निरनिराळ्या टोपणनावांनी जवळजवळ सगळा मजकूर स्वतःच लिहून!

इंग्रजी तो शिकला होता अमेरिकन लेखक एडगर अॅलन पो नीट वाचता यावा म्हणून. पोच्या 'द रेव्हन' या कवितेचा त्याने गद्यात केलेला अनुवाद 1875 मध्ये निघाला, चित्रं एदुआर माने या चित्रकाराची.

आणि त्याचे मंगळवार! दर मंगळवारी पॅरिसला र्‍यू द रोम या रस्त्यावरच्या 89 नंबरच्या घरात, चौथ्या मजल्यावर, जेवणाच्या लहानशा खोलीत मंडळी जमायची. टेबलावर तंबाखूचं भांडं, शेगडीपाशी उभा राहून हा बोलतोय, आणि ऐकायला व्हालेरी, जीद यांच्यासारखे लेखक आणि चित्रकार व्हिसलर. वर्गात ज्याचं कोणी ऐकत नव्हतं, त्याचं हे ऐकत होते. मला विचारशील तर त्याची खरी शाळा हीच.

मित्रांना पत्र धाडताना तो पाकिटावर नाव-पत्ता चार ओळींच्या यमकबद्ध कवितेत घालायचा. पोस्टमन ते वाचून बरोबर दारात नेऊन देत. इतक्या कष्टातही त्याचा हा खेळकरपणा सुटला नाही, हे मला फार आवडलं.

1879 मध्ये त्याचा आठ वर्षांचा मुलगा अनातोल गेला. त्याच्यावर मोठी कविता लिहायची म्हणून त्याने तुटक टिपणं करून ठेवली. कविता काही झाली नाही. 1898 च्या सप्टेंबरात व्हाल्व्हँलाच त्याला घशाचा झटका आला, श्वास कोंडला. त्या रात्री त्याने बायको-मुलीला चिठ्ठी लिहिली, माझे कागद जाळा, त्यात साहित्याचा वारसा वगैरे काही नाही. दुसऱ्या दिवशी गेला. वय छप्पन्न.

अनातोलची टिपणं मात्र राहिली, आणि 1961 मध्ये छापून आली. अर्धी वाक्यं, मोडके शब्द. मला ती एका बैठकीत वाचवली नाहीत, इतकं बापाचं दुःख त्यात उघडं आहे.

आत्या, बाबा पुढच्या महिन्यात इकडे येताहेत. त्यांच्याबरोबर तुझ्या वह्या पाठव. आजोबा गेले त्या वर्षीची, खोडाखोड असलेली वही आधी. मी टाइप करून ठेवते. काकांना नमस्कार सांग.

तुझी लाडकी भाची