बाईंना, पूर्वपक्षाबद्दल

आदरणीय बाई,
सा. न. वि. वि.

कादंबरीच्या ऋणनिर्देशात तुमचं नाव घालायचं नाही, असं तुम्ही बजावलंत. घातलेलं नाही. पण आभारच मानायचे नाहीत असं काही तुम्ही म्हणाला नव्हतात, आणि वाक्यात आहे तेवढंच वाचायचं ही सवय तुमच्याकडूनच लागली. म्हणून हे उघडं पत्र. तुमच्या हाताखालून गेलेली मंडळी बाई कोण ते ओळखतीलच, त्याला माझा इलाज नाही.

बाकीच्यांसाठी थोडं सांगतो. माझ्या गोष्टीतल्या डोंगरी गावात 'ईक्षामार्ग' नावाचा एक पंथ आहे. तो मी रचलेला, शोधायला गेलात तर कुठल्याही ग्रंथात सापडायचा नाही. त्याचं म्हणणं असं की जग आधी असतं आणि मग आपण ते पाहतो हा भ्रम आहे. पाहणं घडतं तेव्हाच जग घडतं. पंथाला गुरुपरंपरा होती, मठ होता, स्तोत्रं होती. ती स्तोत्रं घेऊन मी तुमच्याकडे आलो ते फक्त संस्कृत तपासून घ्यायला. तुम्ही समास सोडवलेत, राहिलेले विसर्ग घातलेत आणि चष्मा काढून विचारलंत, "यांच्याशी भांडतं कोण?"

कोणीच भांडत नव्हतं. आपलं म्हणणं सिद्ध करण्याआधी विरोधकाची बाजू मांडायची, तो पूर्वपक्ष; तोच माझ्याकडे नव्हता. "मग याला दर्शन कशाला म्हणायचं? फळ्यावरचा सुविचार आहे हा."

त्यानंतरच्या बैठकींत तुम्ही माझ्या मठाच्या दारात एकेक प्रतिवादी आणून उभा केलात. पहिले आले वसुबंधू, आणि ते निघाले माझ्याच बाजूचे. विज्ञानवादी बौद्ध: बाहेर पदार्थ नाही, आहे ती जाणीव. पण त्यांची 'विंशतिका' सुरू होते न होते तोच विरोधकाचे आक्षेप येतात, आणि तेही मिळमिळीत नव्हेत. बाहेर काहीच नसेल तर एखादी वस्तू ठरावीक जागीच का दिसते? ठरावीक वेळीच का? डोळ्याला तिमिर झालेल्याला हवेत केस दिसतात ते त्याच्या एकट्यालाच. मग बाकीचं जग तिथे असलेल्या सगळ्यांना सारखं कसं दिसतं? आणि स्वप्नातल्या जेवणाने पोट का भरत नाही? त्यांची उत्तरंही तुम्ही सांगितलीत. स्वप्नातही बाग एका जागी, एका वेळीच दिसते. प्रेतयोनीतल्या सगळ्यांना नदी पुवाने भरलेली दिसते, कारण त्यांचं कर्म एकाच जातीचं. चौथ्या आक्षेपाचं उत्तर मात्र "ते तुम्ही घरी वाचा" म्हणून सोडून दिलंत. वाचलं, बाई. का सोडलंत तेही कळलं.

खरा धक्का शंकराचार्यांनी दिला. जगाला मिथ्या म्हणणारा माणूस आपल्याच पक्षाचा, असं मी धरून चाललो होतो. तुम्ही ब्रह्मसूत्रभाष्याचा दुसऱ्या अध्यायातला दुसरा पाद उघडलात, आणि तिथे आचार्य चक्क खांबाची आणि भिंतीची वकिली करत होते. खांब म्हणजे खांबाची जाणीव, असं कोणालाच अनुभवाला येत नाही. जाणीव होते ती खांबाची. जेवून तृप्त झालेल्या माणसाने "मी जेवलो नाही आणि तृप्तही झालो नाही" म्हणावं, तसं हे विज्ञानवाद्याचं बोलणं, असा टोलाही मारलेला. स्वप्न आणि जागेपण एका मापाने मोजता येत नाहीत, हे लगेच पुढच्या सूत्रात. आणि मी हबकलेलो असताना तुम्ही दुसरं पुस्तक काढलंत. याच वेदान्ताच्या घरात पुढे, सोळाव्या शतकात, प्रकाशानंद होऊन गेले आणि त्यांनी दृष्टिसृष्टिवाद टोकाला नेला: दिसणं हेच निर्माण होणं, न पाहिलेल्या वस्तूला अस्तित्वच नाही. मधुसूदन सरस्वतींनी तर 'सिद्धान्तबिंदू'त या एकजीववादाला, म्हणजे पाहणारा जीव एकच या मताला, वेदान्ताचा मुख्य सिद्धान्त म्हटलं. म्हणजे माझ्या डोक्यातून निघालं असं ज्याच्याबद्दल मला वाटत होतं, ते काशीत कधीच वादून झालेलं होतं. मला वाईट वाटण्याऐवजी हायसं वाटलं. पंथाला एकदम शेजार मिळाला.

"फूट कुठे आहे?" हा तुमचा पुढचा प्रश्न. फूट पडली नाही तो संप्रदाय कसला! गावात एक आंधळी म्हातारी आहे, जात्यावर बसणारी. तिचं जग कोण घडवतं? तुम्ही तिला माझ्या दुसऱ्या प्रकरणातून उचलून मठात नेलंत आणि तिच्यामुळे ईक्षामार्गाची एक शाखा स्पर्शाला मानू लागली. मठाधिपती तिला पाखंडी म्हणतात. तिच्या हातचं पीठ मात्र घेतात.

मग झोप. सगळे झोपल्यावर गाव कुठे जातं? यावर मी पानभर तत्त्वज्ञान लिहून आणलं होतं. तुम्ही ते बाजूला ठेवलंत आणि म्हणालात, "गावाला जागल्या असेल ना?" या एका वाक्यावर माझी कादंबरी उभी आहे. गावगाड्यात तळाशी बसवलेला, रात्री राखणीला फिरणारा माणूस माझ्या गावात सगळ्यांत वरचा पुरोहित झाला, कारण रात्रभर जग सांभाळायला तो एकटाच जागा असतो. त्याला पडसं झालं तरी मठात घबराट.

या सगळ्यात मी सर्वांत जास्त ऋणी आहे तो अनुपलब्धीसाठी, म्हणजे वस्तू न आढळण्यासाठी. घडवंचीवर घागर नाही, हे आपल्याला कशाने कळतं? वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या मीमांसकांत दोन तट आहेत. भाट्ट मीमांसक म्हणतात की त्यासाठी वेगळं प्रमाण, म्हणजे ज्ञानाचं वेगळं साधन, मानावं लागतं. प्राभाकरांना ते मान्य नाही. हा वाद मी कोरडा समजत होतो. तुम्ही फक्त विचारलंत, पाहिल्याने जर वस्तू होते, तर 'नसणं' पाहिल्याने काय होतं? जागल्याच्या बायकोचा मुलगा नदीत गेलेला आहे. ती रोज घाटावर बसून त्याचं नसणं पाहते. ती त्याला पुसून टाकते आहे की राखते आहे, यावर मठात तीन मतं आहेत आणि मी एकही खोडलेलं नाही.

मराठीत यातलं काही आहे का, असं मी विचारल्यावर तुम्ही चांगदेवपासष्टीची पहिली ओवी म्हणून दाखवलीत: जो लपतो तेव्हा जगाचा आभास दाखवतो, आणि प्रकट होतो तेव्हा तो आभास गिळतो. मुळात ते पत्रच, तेही पासष्ट ओव्यांत आटोपलेलं. माझं हे बघा कुठवर आलं. तरी मठात ज्ञानदेव आणायला तुम्ही बंदी घातलीत ते बरं केलंत. त्यांनी अमृतानुभवात अज्ञानाचं जे खंडन करून ठेवलंय ते पाहता माझा पंथ एका रात्रीत बसला असता.

कादंबरीचा अंक दिवाळीच्या आधी घरपोच येईल. मुद्रितं तुम्हीच पाहिलेली असल्याने शुद्धलेखनाबद्दल मला बोलता येणार नाही. दुसऱ्या भागात गावात मोजणीदार येतो, साखळी घेऊन. जमीन त्याने पाहण्याआधीच नकाशात आहे, असं त्याचं म्हणणं. त्याला नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचा तर्कपंडित, करावा की मीमांसक, यावर अडलोय. येत्या रविवारी दुपारी चारनंतर आलो तर चालेल का? ओट्यावरचं न्यायाचं पुस्तक तेवढं कोणाला देऊ नका.

आपला,
ईक्षामार्गाचा कारकून