कोचला भविष्य काय?

दादर, मुंबई
१४ जुलै

प्रिय दिग्या,

तुझं पत्र आलं त्याच आठवड्यात माझी कोचची नोकरी गेली. फुटबॉल अ‍ॅकॅडमीचं नाव घेत नाही. चौदा वर्षांखालची पोरं सलग तीन मॅच हरली, आणि ज्याच्या पोराला मी बाकावर बसवायचो त्या बापाने मालकाला फोन लावला. फी भरणाऱ्याचा फोन, दुसरं काय! आईला अजून सांगितलेलं नाही. पहाटे साडेपाचला शिट्टी नि कोन घेऊन रोजच्यासारखा बाहेर पडतो आणि शिवाजी पार्कात वाडीतल्या आठ पोरांना फुकट शिकवतो. घोटाभर चिखल आहे. जमिनीवरून दिलेला पास डबक्यात अडकतो, मग पोरं न सांगता बॉल उचलून द्यायला शिकतात.

तू विचारलंस, कोचला भविष्य काय. मुंबई सिटी क्लबचा कोच डेस बकिंगहॅम आठवतो? एप्रिल २०२२ मध्ये त्याच्या संघाने इराकच्या एअर फोर्स क्लबला २-१ हरवलं. एएफसी चॅम्पियन्स लीगमध्ये, म्हणजे आशियातल्या क्लबांच्या सगळ्यात मोठ्या स्पर्धेत, मॅच जिंकणारा पहिला भारतीय क्लब! तुझ्या मोबाइलवर बघताना आपण अख्खी चाळ उठवली होती. पुढे तो इंग्लंडला, स्वतःच्या गावच्या ऑक्सफर्ड युनायटेडकडे गेला, मे २०२४ मध्ये वेम्ब्लीवर बोल्टनला २-० हरवून क्लबला वरच्या डिव्हिजनमध्ये नेलं. आणि डिसेंबरात हाकलला गेला. स्वतःच्या गावात, सात महिन्यांत! माझं काय घेऊन बसलास.

पण मला रात्री आठवतात ते रहीमसाहेब, भारताचे जुने कोच. मूळचे हैदराबादचे शाळामास्तर. हैदराबाद सिटी पोलिसांचा संघ घेऊन आपल्या मुंबईच्या कूपरेज मैदानावर यायचे. १९५० ते १९५४, सलग पाच वेळा इथली रोव्हर्स कप स्पर्धा जिंकली. आमचे आजोबा गिरणी सुटली की बघायला धावायचे, असं बाबा सांगतात (आजोबांच्या सगळ्या गोष्टी बाबाच सांगतात, म्हणून सगळंच खरं धरू नकोस). १९६२ च्या जकार्ता एशियाडमध्ये भारताच्या जर्नेलसिंगच्या डोक्याला टाके पडलेले. स्टॉपर, म्हणजे मधोमध बचाव करणारा माणूस, त्याला रहीमसाहेबांनी बचावातून काढून पुढे फॉरवर्डला उभा केला. फायनलमध्ये दक्षिण कोरियाविरुद्ध त्यानेच दुसरा गोल मारला, आपण २-१ जिंकलो. साहेब तेव्हाच आजारी होते. पुढच्या जूनमध्ये कॅन्सरने गेले.

त्या बापावर मी अजून चिडलेलो आहे. पण त्याच्या पोराला वर्षभर विंगवर पळवलं, जमेना म्हणून बसवलं. एकदाही मागे बचावात, बॅकला खेळवून बघितलं नाही. हे मालकाला कळलं नाही, बापालाही नाही. मलाच कळतंय, तेही आता.

कोचिंगच्या सी लायसन्सचा फॉर्म भरणार आहे. फीचं जमवतोय, तुझ्याकडे मागत नाही. मागेन तेव्हा लाजणार नाही.

रविवारी तो पोरगा पार्कात आला होता, एकटाच. चिखलात अनवाणी. लेफ्ट बॅकला उभा केला, दोन मिनिटांत वाडीच्या सगळ्यात मोठ्या पोराला आडवा केला न् फाऊल.

गणपतीला येशील तेव्हा तुझ्या भाच्याचे जुने स्टड्स घेऊन ये. सहा नंबर चालतील.

तुझा,
सच्या