माळ्यावरची ती ट्रंक एकदा उतरवा

समस्त सभासद आणि मराठी बंधुभगिनींना सप्रेम नमस्कार.

गेल्या हिवाळ्यात आमच्या समितीतल्या एक ताई पुण्याला माहेरी गेल्या होत्या. वाडा पुनर्विकासाला निघालेला, सामान काढायची घाई. माळ्यावरून एक पत्र्याची ट्रंक खाली आली. आजोबांचे थोरले भाऊ १९२० नंतर कधीतरी शिकायला कॅलिफोर्नियाला गेले आणि परत आलेच नाहीत, एवढंच त्या घराला ठाऊक. ट्रंकेत त्यांची अकरा पत्रं निघाली. काही मोडीत, म्हणजे घरात कुणालाच न वाचता येणारी. चार पोस्टकार्डांना कोपऱ्यात चौकोनी भोकं होती. घरातल्या कुणा मुलाने कधीकाळी तिकिटं जमवायच्या नादात ती कात्रीने कापून घेतली होती, आणि तिकिटासोबत मागचा मजकूरही गेला होता. याच माळ्यावरचं आणखी एक गाठोडं आठ दिवस आधी रद्दीवाल्याकडे गेलं होतं. त्यात काय होतं ते आता कधीच कळणार नाही.

ताई ती अकरा पत्रं घेऊन आल्या आणि आपल्या मंडळात दप्तर समिती उभी राहिली. सॅन फ्रान्सिस्कोच्या उपसागराभोवती राहणारे आपण सगळे गेल्या पन्नास-साठ वर्षांत इथे आलो. आपल्या आधी आलेल्यांचे कागद गोळा करायचे, त्यांची चांगली प्रत करायची, वाचून घ्यायचे आणि सर्वांना पाहता येतील असे ठेवायचे, हे समितीचं काम. त्यासाठी आपली मदत हवी आहे. पैशांचीही हवी आहे, पण ती शेवटी मागतो. आधी हे काम कशासाठी, ते सांगू द्या.

शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत उतरणं म्हणजे काय, हे युरोपातून आलेल्यांच्या बाबतीत बरंच लिहून ठेवलं गेलं आहे. न्यूयॉर्कजवळचं एलिस बेटावरचं केंद्र १८९२ ते १९५४ चालू होतं. सुमारे एक कोटी वीस लाख माणसं तिथून आत आली, १९०७ या एका वर्षात दहा लाखांहून जास्त. पहिल्या-दुसऱ्या वर्गाच्या उतारूंची तपासणी बहुधा बोटीवरच उरकायची. बेटावर नेत ते तळाच्या वर्गातल्यांना. बोचकी सांभाळत जिना चढताना कुणाला धाप लागते, कोण लंगडतो, हे डॉक्टर पाहत उभे असत. शंका आली की कोटावर खडूने अक्षर पडायचं, हृदयासाठी एच, पायासाठी एल, डोळ्यांसाठी ई. डोळ्यांत खुपऱ्या आहेत का हे पाहायला पापणी उलटी करत, आणि त्यासाठी बुटाची बटणं लावायचा आकडा वापरत. खुपऱ्या निघाल्या की बहुतेकांच्या नशिबी परतीची बोट. चार-पाच वर्षांच्या मुलाच्या कोटावर ते अक्षर पडलं की त्याच्या आईचं काय होत असेल, याचा विचार करवत नाही.

पश्चिम किनाऱ्यावरचं बेट मात्र आपल्या दारातलं आहे. टिब्युरॉनहून फेरीबोटीने थोड्याच वेळात एंजल बेटावर पोहोचता येतं. सहलीला आपण अनेकदा गेलो असू. तिथलं केंद्र जानेवारी १९१० मध्ये सुरू झालं आणि १९४० मध्ये कार्यालयाला आग लागल्यानंतर बंद झालं. एलिस बेटावरचे बहुतेक लोक काही तासांत सुटायचे. इथे आठवडे जायचे, कित्येकांचे महिने. क्वोक शी नावाच्या एका चिनी बाईला जवळजवळ दोन वर्षं इथे अडकवून ठेवलं होतं. चिन्यांना कायद्यानेच बंदी होती, सूट ठरावीक वर्गांना. त्यामुळे आपण अमक्याचा मुलगा, तमक्याची बायको हे सिद्ध करायला तासन्‌तास उलटतपासणी चाले. तुमच्या घराला पायऱ्या किती, तांदळाचं पिंप कुठे ठेवता, शेजारच्या घराचं तोंड कुठल्या दिशेला? नातेवाइकाच्या उत्तराशी उत्तर जुळलं नाही, तर संशय.

आम्ही समितीचे सात जण मार्चमध्ये तिथे गेलो होतो. पोलादी चौकटीच्या तीन मजली खाटा, खिडकीबाहेर चमकणारं पाणी, आणि लाकडी भिंतींवर कोरलेल्या चिनी कविता. अशा दोनशेहून जास्त कवितांची नोंद झाली आहे. अक्षरांवर रंगाचे थर चढलेले, त्यामुळे उजेड तिरपा पडला तरच ती दिसतात. आमच्यातल्या एकीच्या सासूबाई सोबत होत्या. त्यांनी भिंतीजवळ जाऊन बराच वेळ पाहिलं आणि विचारलं, "आपल्यापैकी कुणी काही लिहिलंय का गं?" आम्हाला तरी कुठे देवनागरी ओळ दिसली नाही. त्या प्रश्नाने आम्हाला परतीच्या बोटीवर गप्प केलं.

या कविता आज आहेत त्या योगायोगाने. १९७० साली ही इमारत पाडायचं ठरलं होतं. अलेक्झांडर वाइस नावाच्या एका उद्यानरक्षकाने बॅटरीच्या उजेडात भिंतीवरची अक्षरं पाहिली आणि हे काहीतरी मोलाचं आहे हे ओळखलं. वरिष्ठांनी फारसं मनावर घेतलं नाही, पण आशियाई समाजातली माणसं आणि विद्यार्थी पेटून उठले आणि इमारत वाचली.

हिंदी माणसंही या बेटावर आली, बहुतेक पंजाबी शेतकरी. त्यांना परत पाठवायला दोन कारणं नेहमी हाताशी असत. एक म्हणजे पोटात हूकवर्म हे जंत सापडणं, आणि दुसरं, हा माणूस सरकारवर बोजा होईल असा अधिकाऱ्याचा अंदाज. हे दुसरं कारण कुणालाही लावता येई. १९१७ च्या कायद्याने हिंदुस्थानसह आशियातल्या बहुतेक मुलखाला मजूर म्हणून येण्याचं दारच बंद केलं. विद्यार्थी, व्यापारी, प्रवासी अशांना फट उरली. १९२३ च्या १९ फेब्रुवारीला भगतसिंग थिंड यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हिंदी माणूस कायद्याच्या अर्थाने 'गोरा' नाही, म्हणून नागरिक होऊ शकत नाही असा निकाल दिला. ज्यांना आधी नागरिकत्व मिळालं होतं, त्यांचं काढून घ्यायला सरकारने सुरुवात केली.

वैष्णोदास बगाई त्यांपैकी एक. पेशावरचा हा सधन गृहस्थ १९१५ च्या सप्टेंबरात पत्नी कला आणि तीन मुलांसह एंजल बेटावर उतरला. कलाबाईंच्या नाकातल्या हिऱ्याची सॅन फ्रान्सिस्कोच्या वर्तमानपत्राने बातमी केली होती. चमकी घातलेली बाईच त्यांना नवलाची! बर्कलीत घर घेतलं, तर राहायला जायच्या दिवशी शेजाऱ्यांनी ते कुलूपबंद करून ठेवलं. तरी हे कुटुंब टिकलं, सॅन फ्रान्सिस्कोत दुकान थाटलं, १९२१ मध्ये बगाई नागरिक झाले. निकालानंतर नागरिकत्व गेलं, आणि मग मालमत्ताही. हिंदुस्थानात जाऊन यायला अमेरिकन पासपोर्ट मिळेना. १९२८ साली त्यांनी आत्महत्या केली. जाण्यापूर्वी त्यांनी लिहिलेलं एक पत्र सॅन फ्रान्सिस्कोच्या वर्तमानपत्रात छापून आलं. कलाबाईंनी मुलं वाढवली, शिकवली. आज बर्कलीत एका रस्त्याला त्यांचं नाव आहे.

हे सगळं आपल्याला आज इतकं तपशिलात का माहीत आहे? कारण घरच्यांनी फोटो आणि कागद जपले आणि नातीने ते साउथ एशियन अमेरिकन डिजिटल आर्काइव्ह या संस्थेला दिले. ती पेटी टाकून दिली असती, तर बगाई म्हणजे सरकारी दप्तरातला एक क्रमांक उरला असता.

आता आपल्याकडे वळू. नामवंतांची काळजी नाही. १९१३ च्या जुलैत बडोद्याच्या शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्कला उतरलेल्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी वडिलांच्या स्नेह्यांना मुलींच्या शिक्षणाविषयी लिहिलेलं पत्र आपण वाचलेलं असतं. वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे ऑरेगन आणि वॉशिंग्टनमध्ये शेतकी शिकले, ब्रिटिश राजवट उलथवू पाहणाऱ्या गदर चळवळीत शिरले, पुढे मेक्सिकोत कृषिशास्त्रज्ञ म्हणून नावाजले. त्यांचं चरित्र त्यांच्या मुलीने लिहिलं. तळेगाव ढमढेऱ्याचे विष्णु गणेश पिंगळे अभियांत्रिकी शिकायला इथे आले आणि त्याच चळवळीपायी १९१५ च्या १६ नोव्हेंबरला लाहोरच्या तुरुंगात फासावर गेले. श्रीधर व्यंकटेश केतकर कॉर्नेलला होते. गोव्याचे धर्मानंद कोसंबी हार्वर्डला, आणि पुढे त्यांचा मुलगा दामोदरही. मुंबईचे संशोधक शंकर आबाजी भिसे न्यूयॉर्कला स्थायिक झाले आणि १९३५ मध्ये तिथेच वारले. ही नावं पुस्तकांत आहेत.

पण ज्याच्यावर पुस्तक झालं नाही तो? फी भरायला सुट्टीत बागांमध्ये फळं तोडणारा, खानावळीत बशा विसळणारा, पदवी घेऊन परत जाऊन कुठल्या तरी साखर कारखान्यात आयुष्य काढलेला? बोटीवर खलाशी किंवा खानसामा म्हणून रत्नागिरीहून, गोव्याहून निघालेला आणि कुठल्या बंदरात उतरला ते घरी न कळलेला? सरकारी कागदात त्याची उंची, रंग, खिशातले डॉलर एवढं सापडेल. तिकडे पहिला बर्फ पाहिला तेव्हा काय वाटलं, कुणाचा दरवाजा तोंडावर आपटला, कुणी जेवायला बोलावलं, हे त्याने फक्त घरी लिहिलं असणार. ते कागद सान ब्रुनोच्या सरकारी अभिलेखागारात नाहीत. ते साताऱ्यात, मालवणात, नागपुरात, मडगावात आणि कदाचित तुमच्या माळ्यावर आहेत.

म्हणून पहिली विनंती ही. पुढच्या वेळी घरी गेलात की माळा, ट्रंक, देवघराच्या कपाटाचा खालचा कप्पा एकदा बघा. आत्याला, मावशीला, गावाकडच्या काकांना विचारा. साधारण १९५० पूर्वी अमेरिकेला गेलेल्या कुणाचंही पत्र, फोटो, बोटीचं तिकीट, पासपोर्ट, वही, कॉलेजचं प्रमाणपत्र, काहीही चालेल. कागद तुमचाच राहील. आम्ही प्रत करून मूळ परत देतो. काय सर्वांना दाखवायचं आणि काय नाही, हे कुटुंबच ठरवेल.

काही सापडलं तर कृपा करून लॅमिनेशन करू नका, सेलोटेप लावू नका, चिकटलेल्या घड्या जोराने उलगडू नका. पत्र ज्या पाकिटात असेल त्यातच राहू द्या, शिक्क्यावरून तारीख आणि गाव कळतं. फोटोच्या मागे बॉलपेनने लिहू नका, साध्या पेन्सिलीने हलक्या हाताने लिहा. आणि आजी सांगत असेल तर मोबाइलवर ते बोलणं रेकॉर्ड करून घ्या. कागद थांबेल, आजी थांबेलच असं नाही.

काहींनी आम्हाला सांगितलं की, बेटावर आजोबांचं नाव बदललं म्हणून नोंद सापडत नाही. हा समज सर्वत्र आहे, पण बेटावरचे कारकून बोटीबरोबर आलेली यादी समोर ठेवूनच काम करत, आणि ती यादी जिथून बोट निघाली तिथे बनलेली असे. तेव्हा नाव शोधताना वेगवेगळी स्पेलिंगं घालून पाहा. आपल्या तिहेरी नावांत कधी वडिलांचं नावच आडनावाच्या जागी गेलेलं असतं. अडलं तर समितीकडे या, आम्ही सोबत बसून शोधू.

दुसरी विनंती मोडी वाचणाऱ्यांना. एलिस बेटावर दुभाष्यांवाचून पान हलत नसे. पुढे न्यूयॉर्कचे महापौर झालेले फिओरेल्लो ला ग्वार्डिया १९०७ ते १९१० तिथे दुभाष्याचंच काम करत होते. आमची गरज तीच आहे. सध्या साताऱ्याचे एक निवृत्त शिक्षक हे काम करत आहेत. ताईंच्या अकरा पत्रांपैकी सहा त्यांनी वाचून दिली. भोक पडलेल्या एका कार्डात आईला काहीतरी सांगायला लिहिलं आहे. काय सांगायचं, ते तिकिटाबरोबर गेलं. गुरुजींनी त्या जागी कंसात फक्त 'मजकूर नष्ट' असं लिहून पाठवलं. ते वाचून ताई बराच वेळ काही बोलल्या नाहीत. गुरुजींचं वय आता ७९ आहे, एकट्यावर भार टाकणं बरं नाही. महाराष्ट्रातून कुणी आठवड्याला दोन तास दिले तरी फार मोठी मदत होईल.

तिसरी विनंती पैशांची. पहिल्या वर्षासाठी ९,००० डॉलर लागतील. स्कॅनर आणि साठवणीसाठी ३,५००, मोडी वाचकांच्या मानधनासाठी ३,०००, जुने कागद ठेवायच्या आम्लरहित पेट्या, टपाल आणि छोट्या प्रदर्शनासाठी २,५००. समितीतलं कुणीही मानधन घेत नाही. फूल ना फुलाची पाकळी, जे जमेल ते द्या. २० डॉलरही आनंदाने स्वीकारू, प्रत्येक रकमेची पावती मिळेल आणि दर तिमाहीचा हिशोब मंडळाच्या सभेत वाचला जाईल. भारतातल्या मंडळींनी पैसे पाठवू नयेत. परदेशी रक्कम पाठवायच्या खटाटोपापेक्षा तुमच्या घरातलं एक पत्र आम्हाला जास्त हवं आहे.

सभासदांनी चेक मंडळाच्या नावाने लिहून खाली 'दप्तर निधी' अशी टीप करावी. कागद घेऊन येणाऱ्यांसाठी दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी, मराठी शाळा भरते त्याच वेळी, शाळेच्या मागच्या खोलीत आम्ही स्कॅनर लावून बसतो. मोठी ट्रंक असेल तर आधी कळवा, गाडी घेऊन दोघे जण घरी येतील.

कळावे, लोभ असावा, ही विनंती.

आपली,
दप्तर समिती, मराठी मंडळ