आधी रुग्णालय, मग महाविद्यालय

महोदय,

‘आमच्या तालुक्याला वैद्यकीय महाविद्यालय’ अशी घोषणा झाली की चर्चा आधी जागेची सुरू होते. जमिनीची किमान एकरांची अट २०२० मध्येच गेली. खरी अडचण रुग्णालयाची असते. राष्ट्रीय वैद्यकीय आयोग कायदा, २०१९ च्या कलम २८ नुसार अर्ज आयोगाच्या मूल्यांकन व मानांकन मंडळाकडे जातो. सोबत राज्य सरकारचे आवश्यकता प्रमाणपत्र (महाविद्यालयाची गरज असल्याचा दाखला) आणि विद्यापीठाची संलग्नता-संमती लागते. आपल्याकडे ती नाशिकचे आरोग्य विज्ञान विद्यापीठ देते. २०२३ च्या निकषांप्रमाणे प्रवेशाच्या ५० जागांसाठी रुग्णालयात २२०, तर १०० जागांसाठी ४२० खाटा हव्यात. त्याही नुसत्या मांडलेल्या नकोत, रुग्णांनी भरलेल्या हव्यात. अनेक प्रस्ताव इथेच अडकतात. खाटा महिनाभरात विकत मिळतात, बाह्यरुग्ण विभागातली गर्दी मिळत नाही! शरीररचनाशास्त्रासारख्या विषयांचे अध्यापकही तपासणीपुरते उसने आणता येत नाहीत, कारण हजेरी आधारशी जोडलेल्या बायोमेट्रिकवर असते. मंडळाने सहा महिन्यांत निर्णय द्यायचा असतो आणि नाकारण्यापूर्वी त्रुटी दुरुस्तीची संधीही. नकार आल्यास आयोगाकडे अपिलाला फक्त १५ दिवस मिळतात. तेव्हा पुढाऱ्यांना आधी विचारा, रुग्णालय चालू आहे का?

— एक वाचक