डॉक्टरसाहेबांस जाहीर आभारपत्र : एका राइट बॅकच्या हजार सामन्यांनिमित्त

आदरणीय डॉक्टरसाहेब,

सा. न. वि. वि.

आपल्या मंडळाच्या दिवाळी अंकात ग्रॅहॅम अलेक्झांडर या इंग्लंडमध्ये जन्मलेल्या आणि स्कॉटलंडकडून खेळलेल्या फुटबॉलपटूच्या कारकिर्दीवर माझा लेख प्रसिद्ध झाला. त्याखाली नाव माझे एकट्याचे आहे. लेखामागचे निम्मे काम मात्र आपले आहे, आणि ऋणनिर्देशाच्या दोन ओळींत ते मावणारे नव्हते, म्हणून हे पत्र जाहीरपणे लिहितो आहे. आपल्याला असे काही आवडत नाही याची मला कल्पना आहे, तरी या खेपेस आपली नाराजी पत्करतो.

आपण मला तीन प्रकारची मदत केलीत. घरातले जुने प्रोग्राम, म्हणजे सामन्याच्या दिवशी मैदानाबाहेर विकल्या जाणाऱ्या माहितीपुस्तिका, खोक्यांसकट स्वाधीन केलेत. हाडांचे डॉक्टर म्हणून अशा खेळाडूच्या शरीराचे काय होते ते समजावून सांगितलेत. आणि लेखाचा आराखडा ऐकताच एकच प्रश्न विचारलात : प्रीमियर लीगमधील, म्हणजे इंग्लंडच्या सर्वोच्च विभागातील, त्याचा एक हंगाम बाजूला काढला, तर त्याच्याविषयी काय सांगाल? लेख ज्या वाटेने गेला ती वाट या प्रश्नाने दाखवली. अलेक्झांडरची गोष्ट सांगणारे बहुतेक जण सदतिसाव्या वर्षी त्याला मिळालेल्या प्रीमियर लीगच्या संधीपासून सुरुवात करतात आणि त्याआधीची अठरा वर्षे जणू प्रतीक्षालयात गेली असावीत अशा थाटात लिहितात. त्या अठरा वर्षांत दर शनिवारी आणि अधूनमधून मंगळवारी रात्री हजारो लोक तिकिटाचे पैसे मोजून त्याचा खेळ पाहत होते, त्यांच्या लेखी तो कशाचीही वाट पाहत नव्हता, हे आपले म्हणणे मला पूर्णपणे पटले.

कॉव्हेंट्री येथे 1971 साली जन्मलेला हा खेळाडू 1991 च्या सुमारास स्कंथॉर्प युनायटेडच्या पहिल्या संघात आला. स्कंथॉर्प हे पोलादाच्या कारखान्यांचे गाव. क्लबचे टोपणनावही ‘आयर्न’. क्लब तेव्हा इंग्लिश व्यावसायिक फुटबॉलच्या चौथ्या, म्हणजे सर्वांत खालच्या पायरीवर होता. त्याच्या खाली उतरले, की फुटबॉल लीगचे छत्रच डोक्यावरून जाते. आपल्या खोक्यांतील 1994-95 च्या हंगामातील एका प्रोग्रामच्या मागच्या पानावर संघयादी पाहताना माझी नजर दोन नावांवर थबकली : तरुण अलेक्झांडर आणि पस्तिशीतला टोनी फोर्ड. गोलरक्षक वगळता इंग्लंडच्या व्यावसायिक फुटबॉलमध्ये हजार सामन्यांचा टप्पा प्रथम फोर्डने गाठला आणि त्याच्यानंतर अलेक्झांडरने. हे दोघे एकाच हंगामात, तळाच्या विभागातील एकाच संघात, बहुधा एकाच बसमधून प्रवास करत होते, आणि त्या वेळी याचे महत्त्व कोणालाही कळण्याचे कारण नव्हते. हा योगायोग मला आयता मिळाला, कारण आपण ते कागद तीस वर्षे जपून ठेवलेत. घरच्यांनी रद्दीसाठी किती वेळा तगादा लावला असेल, याची मी केवळ कल्पना करू शकतो.

स्कंथॉर्पमध्ये अलेक्झांडर मुख्यतः मधल्या फळीत खेळे. 1995 साली एक लाख पौंडांना तो लूटन टाउनकडे गेला, तेथे राइट बॅकच्या, म्हणजे उजव्या कडेच्या बचावपटूच्या, जागेवर स्थिरावला, आणि पुढची अनेक वर्षे तीच त्याची ओळख झाली. ही जागा त्या काळात बदलत होती. गोलरक्षकाने सहकाऱ्याने जाणूनबुजून पायाने मागे दिलेला चेंडू हातात घेऊ नये, हा नियम 1992 मध्ये आला, आणि अडचणीत सापडताच चेंडू मागे ढकलून सुटका करून घेण्याची बचावपटूंची जुनी सोय संपली. मधल्या फळीतून मागे आलेल्या, चेंडू पायाशी ठेवून शांतपणे पुढे पाहू शकणाऱ्या खेळाडूची किंमत यामुळे वाढली असावी, हा माझा तर्क आहे. आपण तो पूर्णपणे मान्य केला नव्हता, तरी लेखातून खोडायलाही लावला नाहीत, याबद्दलही आभार.

खालच्या विभागांतील नोकरीची रीत आपण ज्या बारकाईने समजावलीत ती मला अन्यत्र सहज सापडली नसती. करार एक किंवा दोन वर्षांचे, आणि ते जूनअखेर संपणारे. मे महिन्यात हंगाम आटोपला, की प्रत्येक क्लब ‘रिटेन्ड लिस्ट’ जाहीर करतो. त्यात ज्याचे नाव नाही त्याने उन्हाळ्यात नवे क्लब शोधायचे, घर बदलायचे, मुलांच्या शाळा बदलायच्या. प्रीमियर लीगमधील खेळाडूच्या बदलीची बातमी होते. चौथ्या विभागातील तिशीच्या बचावपटूला क्लबने मोकळे केले, तर स्थानिक वृत्तपत्रात चार ओळी येतात. शिवाय बदल्यांसाठी उन्हाळ्याची आणि जानेवारीची ठरावीक मुदत इंग्लंडमध्ये 2002-03 पासून लागू झाली. त्याआधी मार्चअखेरपर्यंत हंगाम चालू असतानाही खेळाडू इकडून तिकडे जात. लूटनची आर्थिक घडी विस्कटलेली असताना, मार्च 1999 मध्ये, अलेक्झांडर अवघ्या पन्नास हजार पौंडांना प्रेस्टन या लँकेशायरमधील क्लबकडे आला तो याच रीतीने. चार वर्षांत त्याची किंमत निम्मी झाली होती आणि त्याचा उत्तम काळ अजून यायचा होता. खेळाडूची रक्कम त्याच्या खेळाविषयी जेवढे सांगते, त्याहून अधिक ती विकणाऱ्याच्या गरजेविषयी सांगते.

आता वैद्यकाविषयी. प्रीमियर लीगखालच्या तीन विभागांत प्रत्येकी चोवीस संघ असतात, म्हणजे लीगचेच सेहेचाळीस सामने, आणि चषकांच्या लढती त्याखेरीज. राइट बॅकला मैदानाच्या एका कडेने दीड तास वर-खाली धावायचे असते, आणि त्या धावा सलग नसतात, तर थांबून, वळून, पुन्हा झेपावून घेतलेल्या असतात. मांडीच्या मागच्या स्नायूंवर, जांघेवर आणि घोट्यावर याचा भार कसा येतो, शनिवारच्या सामन्यातून शरीर पुरते सावरण्याआधीच मंगळवारचा सामना कसा उभा ठाकतो, आणि नव्वदच्या दशकातील जानेवारीच्या चिखलाने त्यात काय भर घातली असेल, हे आपण कागदावर गुडघ्याचे चित्र काढून सांगितलेत. वीस वर्षे हे सोसून पुढच्या सामन्यासाठी उपलब्ध राहणे हेच एक कौशल्य आहे, असा आपला निष्कर्ष होता. मला वाटते, लेखातील सर्वांत भरीव परिच्छेद याच निष्कर्षावर उभा आहे. वेग, ताकद, डोक्याने चेंडू मारणे यांत अलेक्झांडरपेक्षा सरस बचावपटू त्याच विभागांत पुष्कळ होऊन गेले असतील. मॅनेजरने संघ लिहायला घेतला, की त्याचे नाव आधीच लिहिलेले असे, हे त्यांच्यापैकी फार थोड्यांविषयी म्हणता येईल.

प्रेस्टनविषयी आपल्याला मी काय सांगावे? हा क्लब 1888 साली फुटबॉल लीगच्या स्थापनेत होता आणि पहिल्याच हंगामात एकही लीग सामना न हरता विजेता ठरला, हे आपल्याच तोंडून मी प्रथम ऐकले. कोल्हापुरात शाहू स्टेडियमवर पाटाकडील, खंडोबा आणि दिलबहार तालमींचे सामने पाहत वाढलेला तरुण डॉक्टर लँकेशायरच्या रुग्णालयात नोकरीला येतो आणि शनिवारी प्रेस्टनच्या डीपडेल मैदानावरील गर्दीत उभा राहताच त्याला परके वाटेनासे होते, याचे मला आता आश्चर्य वाटत नाही. पेठेचा संघ आणि गावाचा क्लब यांत माणसे सारखीच असतात : घराजवळच्या संघासाठी भांडणारी, खेळाडूला नावाने हाक मारणारी, आणि हरल्यावर सबंध आठवडा तोंड पाडून हिंडणारी.

मॅनेजर डेव्हिड मॉयेस यांच्या हाताखाली प्रेस्टनने 1999-2000 मध्ये तिसऱ्या पायरीचे विजेतेपद मिळवले. नवख्या वाचकाचा येथे गोंधळ होतो, कारण त्या पायरीचे नाव तेव्हा ‘सेकंड डिव्हिजन’ होते आणि 2004 पासून ते ‘लीग वन’ झाले. आपण आग्रह धरलात म्हणून लेखात सर्वत्र पायरीचा क्रमांक दिला. त्यानंतर प्रीमियर लीगचे दार प्रेस्टनच्या तोंडावर दोनदा बंद झाले : 2001 च्या प्ले-ऑफच्या, म्हणजे वर चढण्याची जागा ठरवणाऱ्या बाद लढतींच्या, अंतिम सामन्यात बोल्टनकडून 3-0 आणि 2005 मध्ये वेस्ट हॅमकडून 1-0 असा पराभव झाला. या काळात अलेक्झांडरने एप्रिल 2002 मध्ये, तीस वर्षांचा असताना, स्कॉटलंडकडून पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळला आणि एकूण चाळीस सामने खेळला. पेनल्टी घेण्यात त्याचा हातखंडा होता. बचावपटू असूनही कारकिर्दीत शंभराहून अधिक गोल त्याच्या नावावर आहेत, त्याचे मुख्य कारण हेच.

ऑगस्ट 2007 मध्ये तो बर्नलीला गेला, आणि हा भाग सांगताना आपला आवाज थोडा कोरडा झाला होता. शेजारचा, हाडवैराचा क्लब. प्रेस्टनच्या प्रेक्षकाने ते सहज विसरावे अशी अपेक्षाही नाही. पण तेथेही त्याने नवी जागा शिकून घेतली. वय वाढल्यावर कडेने धावण्याऐवजी तो बचावफळीच्या पुढ्यात उभा राहू लागला. 2008-09 च्या हंगामात बर्नलीने चेल्सी आणि आर्सेनलला हरवून लीग कपची उपांत्य फेरी गाठली आणि सर्व स्पर्धांत मिळून 61 सामने खेळले. त्यांपैकी बहुसंख्य सामन्यांत तो होता. प्ले-ऑफच्या उपांत्य फेरीत रेडिंगविरुद्धच्या पहिल्या लढतीतील एकमेव गोल त्याच्या पेनल्टीचा. मग वेम्बलीवर शेफील्ड युनायटेडचा 1-0 असा पराभव, आणि 15 ऑगस्ट 2009 रोजी स्टोकविरुद्ध प्रीमियर लीगमधील पहिला सामना. गोलरक्षक सोडून इतक्या उतारवयात त्या स्पर्धेत पदार्पण करणारा तोवर कोणी नव्हता. बर्नली त्याच हंगामाअखेर खाली उतरले. आपल्या प्रश्नाला स्मरून लेखात मी याला एक परिच्छेद दिला, त्याहून अधिक नाही.

एप्रिल 2011 मध्ये स्वान्सीविरुद्ध तो बदली खेळाडू म्हणून उतरला आणि हजार सामने पूर्ण झाले. त्याच उन्हाळ्यात तो प्रेस्टनला परतला. संघ तोवर तिसऱ्या पायरीवर घसरला होता. 28 एप्रिल 2012 चा डीपडेलवरील चार्ल्टनविरुद्धचा सामना हा त्याच्या खेळाडू म्हणून कारकिर्दीतील अखेरचा. बदली म्हणून आत येऊन, नव्वद मिनिटांनंतरच्या भरपाईच्या वेळेत फ्री किकवर त्याने गोल केला आणि सामना 2-2 असा बरोबरीत सुटला. आपण त्या दिवशी स्टँडमध्ये होतात. “बर्नलीचे सगळे माफ केले,” असे आपण म्हणालात तेव्हा मी ते टिपून घेतले होते. लेखात घातले नाही, येथे घालतो.

एका मुद्द्यावर आपले एकमत झालेले नाही, आणि तो मी लेखात मुद्दाम उघडा ठेवला आहे. आपल्या मते दोघांत मोठा टोनी फोर्ड. ग्रिम्सबीकडून 1975 मध्ये सोळाव्या वर्षी सुरुवात, पुढे स्टोक, वेस्ट ब्रॉम, स्कंथॉर्प, मॅन्सफील्ड, रॉचडेल अशी भ्रमंती, मध्येच लीगबाहेरच्या बॅरोत मुक्काम, विंगर म्हणून आरंभ करून राइट बॅक होत 2001 मध्ये बेचाळिसाव्या वर्षी निवृत्ती; लीगचे 931 सामने, एमबीई हा ब्रिटिश किताब, आणि प्रीमियर लीगचा एकही सामना नाही. आपल्या प्रश्नाचे खरे उत्तर फोर्डच आहे, हे मला कळते. तरीही माझा कौल अलेक्झांडरला, कारण खालच्या विभागांत शिकलेले त्याने तेथेच परत दिले : मॅनेजर म्हणून फ्लीटवुडला 2014 मध्ये वर आणले, सॅल्फर्डला 2019 मध्ये लीगमध्ये नेले, आणि मे 2025 मध्ये ब्रॅडफर्ड सिटीला लीग वनमध्ये चढवले, तेही शेवटच्या मिनिटांतील गोलवर आणि नेमके त्याच फ्लीटवुडविरुद्ध.

आपला प्रतिवाद लेखी पाठवावा, ही विनंती. पुढील अंकात त्यासाठी पाने राखून ठेवली आहेत, आणि स्कंथॉर्पचा तो प्रोग्राम त्या लेखाबरोबर छापायचा असल्याने तेवढा एक माझ्याकडे राहू द्यावा. बाकीची खोकी येत्या रविवारी आणून देतो.

आपला नम्र,
अंकाचा लेखक